पेज वाटणं गुन्हा कसा?

श्रीलंका बौद्ध देश आहे, म्हणून तिथल्या सरकारची पाठराखण करणारे आपल्या चळवळीतही आहेत. बाबासाहेब 1950 साली तिथल्या बौद्ध परिषदेला गेले होते, हा त्यांचा ठरलेला दाखला. गेले होते. पण म्हणून तिथल्या लष्कराला धम्माचं प्रमाणपत्र मिळत नाही.

मे 2009 मध्ये मुळ्ळिवायकालच्या किनाऱ्यावर 26 वर्षांचं युद्ध संपलं. रस्ते झाले, रेल्वे पुन्हा जाफन्याला पोचली आणि तमिळांना सांगण्यात आलं, झालं गेलं विसरा. ज्या आईने शेवटच्या दिवसांत पोराला स्वतःच्या हाताने लष्कराच्या स्वाधीन केलं, तिने काय विसरायचं? मृतदेह नाही, अंत्यविधी नाही. कपाळावरचं पोट्टू पुसायचं की ठेवायचं, हे त्याच्या बायकोला कळत नाही. सरकार काय देतं? बेपत्ता असल्याचा दाखला! फेब्रुवारी 2017 पासून किलिनोच्चीत या आया फोटो घेऊन रस्त्याकडेला बसल्या. वाट बघता बघता कित्येकजणी वारल्या.

मन सावरायची वाट लोकांनीच काढली. वेढ्यात अडकलेली माणसं तांदळाच्या पेजेवर जगली होती. दर मे महिन्यात तीच पेज शिजवून ते एकमेकांना वाटतात, मेलेल्यांची आठवण काढतात. मे 2024 मध्ये संपूरला ही पेज वाटली म्हणून पोलिसांनी बायकांना अटक केली. त्याच महिन्यात वैशाख पौर्णिमेला देशभर रस्त्यारस्त्यावर फुकट अन्नदान होतं, ते मात्र पुण्य! जानेवारी 2021 मध्ये जाफना विद्यापीठातलं मृतांचं स्मारक रात्रीतून पाडलं. विद्यार्थी उपोषणाला बसले, तेव्हा कुठे ते पुन्हा उभं राहिलं.

वाघांची वकिली आम्ही करत नाही. त्यांनी कोवळी पोरं लढायला ओढली, 1990 मध्ये उत्तरेतल्या मुसलमानांना घरादारातून हाकललं. आणि बेपत्ता मुलांचे फोटो घेऊन सिंहली बौद्ध आयाही याच राज्यसंस्थेपुढे उभ्या राहिल्या आहेत, हे आपले लोक सोयीने गाळतात.

इथे हमखास किसा गोतमी पुढे केली जाते. पण बुद्धाने तिला गप्प बस म्हटलं नव्हतं. मोहरी आणायला दारोदार पाठवलं, आणि प्रत्येक घराने आपलं गेलेलं माणूस तिला सांगितलं. संपूरच्या बायका दुसरं काय करत होत्या?

येत्या बुद्ध पौर्णिमेला आमच्या विहारात श्रीलंकेचे कुणी भंते आले, तर वंदन करून आम्ही त्यांना या पेजेबद्दल विचारणार आहोत. तुम्हीही विचारा.