बेदींच्या काळातील शिवलकर

पद्माकर शिवलकर यांचे ३ मार्च २०२५ रोजी मुंबईत निधन झाले. ते ८४ वर्षांचे होते. संत तुकाराम नगरच्या बागेत सकाळच्या फेऱ्या आटोपून बाकावर विसावणाऱ्या आमच्या मंडळींत त्या आठवड्यात त्यांचाच विषय होता आणि जवळजवळ प्रत्येकाच्या तोंडी एकच शब्द होता : दुर्दैव. या शब्दाविषयीच आज थोडे लिहावयाचे आहे.

ज्या तरुण वाचकांना हे नाव अपरिचित असेल त्यांच्यासाठी आधी हिशेब मांडतो. शिवलकर हे डावखुरे मंदगती फिरकी गोलंदाज. प्रथम श्रेणीचे १२४ सामने, ५८९ बळी, प्रत्येक बळीमागे सरासरी २० धावांहूनही कमी मोल. त्यांपैकी ३६१ बळी एकट्या रणजी करंडकातील. एका डावात पाच किंवा अधिक बळी त्यांनी ४२ वेळा घेतले. आणि कसोटी सामने? शून्य. भारताची टोपी त्यांच्या मस्तकी कधीच आली नाही.

१९६२ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, क्रिकेट क्लब ऑफ इंडियाच्या अध्यक्षीय संघातून परदेशी खेळाडूंच्या संघाविरुद्ध ते प्रथम उतरले व पहिल्याच डावात पाच बळी मिळवून गेले. एवढ्यावर मुंबईच्या संघाचे दार उघडावयास हवे होते. परंतु तेथे मूळचे नाशिकचे बापू नाडकर्णी होते. तेही डावखुरे फिरकी गोलंदाज, तेही अचूकतेचा पुतळा, शिवाय उत्तम फलंदाज. १९६४ च्या जानेवारीत मद्रासला इंग्लंडविरुद्ध सलग २१ निर्धाव षटके टाकणारे ते हेच. पुढे नाडकर्णी निवृत्त झाले आणि मुंबईची जागा मोकळी झाली, तोवर भारतीय संघात बिशनसिंग बेदी येऊन स्थिरावले होते. बेदी शिवलकरांहून सहा वर्षांनी लहान. १९६६ च्या अखेरीस ते संघात आले आणि १९७९ पर्यंत राहिले. ६७ कसोटींत २६६ बळी. ते गेले तेव्हा शिवलकर एकोणचाळीस वर्षांचे होत आले होते आणि त्यांची जागा दिलीप दोशींना मिळाली.

बेदी श्रेष्ठ होते, यात वाद नाही. पण म्हणून शिवलकरांना जागा मिळणे अशक्य होते काय? आमच्या बाकावरील 'दुर्दैव' येथेच तपासून पाहावे लागते. तो काळ चार फिरकी गोलंदाजांचा म्हणून ओळखला जातो : बेदी, प्रसन्ना, चंद्रशेखर, वेंकटराघवन. यांत प्रसन्ना आणि वेंकटराघवन हे दोघेही ऑफस्पिनर, म्हणजे एकाच प्रकारचे. तरीही दोघांना संधी मिळत राहिली, कधी एकाच सामन्यातही. १९६७ साली बर्मिंगहॅमला तर चौघेही एकत्र खेळले. मात्र डावखुरे दोन असावेत, हे निवड समितीला फारसे रुचले नाही. एकाच जातीचे दोन उजवे चालतात, दोन डावे चालत नाहीत, हा नियम ग्रहांनी केलेला नव्हता. तो खोलीत बसलेल्या माणसांनी केलेला होता. १९७४ साली बेंगळूरच्या कसोटीतून बेदींना शिस्तभंगापायी वगळण्यात आले, तेव्हा हरियाणाच्या राजिंदर गोयल यांना संघासोबत बोलावले. तेही डावखुरे, तेही बिनटोपीचे, प्रथम श्रेणीत ७५० बळी घेतलेले. सामन्याच्या दिवशी अकरा जणांत त्यांचेही नाव नव्हते. खेळविले गेले ते दोन ऑफस्पिनर.

आता १९७२-७३ च्या रणजी अंतिम सामन्याकडे वळू. स्थळ मद्रासचे चेपॉक. वेंकटराघवन आणि व्ही. व्ही. कुमार हे यजमान तमिळनाडूचे दोन मोहरे, त्यामुळे खेळपट्टी चेंडू हातभर वळेल अशीच राखलेली. मुंबईचा पहिला डाव १५१ धावांत आटोपला. मग शिवलकरांनी चेंडू हाती घेतला. १६ धावांत ८ बळी! तमिळनाडू सर्वबाद ८०. मुंबई दुसऱ्या डावात ११३. पुन्हा शिवलकर : १८ धावांत ५. तमिळनाडू सर्वबाद ६१. दोन दिवस आणि तिसऱ्या दिवसाचा एक चेंडू, एवढ्यात अंतिम सामना संपला आणि मुंबईने सलग पंधराव्या वर्षी करंडक घेतला. दुसऱ्यासाठी खणलेल्या खड्ड्याची म्हण इतक्या शब्दशः खरी ठरल्याचे उदाहरण क्रिकेटमध्ये विरळाच.

अमेरिकेत बेसबॉलच्या मुख्य स्पर्धेखाली 'मायनर लीग' नावाची उतरंड आहे. लहान गावांतील मैदाने, रात्रीचा बसप्रवास, तुटपुंजे मानधन आणि वरून बोलावणे येईल ही आशा. २००८ साली उत्तर प्रदेशातील रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे भालाफेक करणारे दोन तरुण एका स्पर्धेतून निवडले जाऊन पिट्सबर्ग संघाच्या या उतरंडीत दाखल झाले. त्यांच्यावर चित्रपटही निघाला. परंतु मुख्य संघापर्यंत दोघांपैकी कोणीही पोहोचला नाही. तेथे निदान पायऱ्या मोजता तरी येतात. आपल्याकडे रणजीनंतर एकच पायरी, आणि त्या पायरीवर अकरा माणसांपुरती जागा.

आपल्या पट्ट्यातील वाचकांना हे वेगळे समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. पिंपरीपासून चाकणपर्यंत, कायम कामगाराच्या शेजारी उभे राहून तेच काम तितक्याच सफाईने करणारे आणि वर्षानुवर्षे 'कायम' न झालेले हात आपण घरोघरी पाहिले आहेत. त्यांच्या कामाला कोणी दुर्दैव म्हणत नाही. पण जागा का निघाली नाही, हेही कोणी विचारत नाही. पहाटे बॅट पाठीला लावून मुलाला थेरगावच्या वेंगसरकर अकादमीत सोडणारे पालक ऋतुराज गायकवाडचे उदाहरण देतात, आणि ते योग्यच आहे. त्याच मुलांना शिवलकरही ठाऊक असावेत, असे मला वाटते.

स्वतः शिवलकरांनी आपल्या मराठी आत्मचरित्राला 'हा चेंडू दैवगतीचा' असे नाव दिले. त्यांना गाण्याचा गळा होता आणि मनात कडवटपणा नव्हता, म्हणून ते दैवाला बोल लावून मोकळे झाले असतील. तो त्यांचा अधिकार. बाकीच्यांना ती सवलत नाही. सुनील गावसकरांनी ती घेतली नाही. आपल्या आदर्श खेळाडूंवरील पुस्तकात त्यांनी शिवलकर आणि गोयल या दोघा कसोटी न खेळलेल्यांना स्थान दिले; आणि आपण कर्णधार असताना शिवलकरांसाठी निवड समितीचे मन वळवू शकलो नाही, ही खंत त्यांनी शिवलकरांच्या निधनानंतर बोलून दाखविली. २०१७ साली क्रिकेट मंडळाने या दोघांना सी. के. नायडू जीवनगौरव पुरस्कार दिला. गोयल २०२० मध्ये गेले.

१९८७-८८ च्या हंगामात मुंबईला फिरकी गोलंदाज हवा होता. शिवलकर तेव्हा सत्तेचाळीस वर्षांचे होते, खेळणे थांबवूनही काही वर्षे लोटली होती, आणि आता निवडीची आशा उरण्याचे काही कारण नव्हते. बोलावणे आले, आणि ते गोलंदाजी टाकावयास गेले.