‘जमत नाही’ की ‘करू दिले नाही’?

मूल हुशार आहे का, हे आपण लगेच विचारतो. ते स्वतः आंघोळ करते का, दुकानातून पाव आणून उरलेले पैसे परत देते का, हे फारसे कुणी विचारत नाही. बौद्धिक अक्षमता ओळखताना मात्र या प्रश्नांना मोठे वजन असते. दिव्यांग हक्क कायदा, २०१६ मधील व्याख्येतही बुद्धीच्या मर्यादेबरोबर दैनंदिन सामाजिक आणि व्यावहारिक कौशल्यांची मर्यादा धरलेली आहे.

ही कौशल्ये मोजण्याची एक जुनी पट्टी अमेरिकेतील वाइनलँड गावच्या नावाने ओळखली जाते. तेथील प्रशिक्षण शाळेतील मानसशास्त्रज्ञ एडगर डॉल यांनी ती १९३५ मध्ये मांडली. नागपूरच्या ए. जे. मालिन यांनी तिचे भारतीय रूप तयार केले. त्यात १५ वर्षांपर्यंतच्या ८९ बाबी आहेत. जेवणे, कपडे घालणे, बोलणे, फिरणे, लोकांत मिसळणे असे त्यांचे विषय. येथे बहुतेक माहिती आईकडून किंवा मुलाला रोज पाहणाऱ्या माणसाकडून घेतली जाते. ‘येते का’ एवढेच विचारून भागत नाही. ‘रोज स्वतःहून करतो का’ हेही विचारावे लागते.

येथेच आपल्या घरांची अडचण आहे. मिसरूड फुटलेल्या मुलालाही अम्मी घास भरवते, कारण तो ‘बिचारा’. मुलगी असेल तर एकटीने कोपऱ्यावरच्या दुकानात जाणे किंवा पैसे हाताळणे यांचा प्रश्नच येत नाही. मग तपासणीत उत्तर मिळते, ‘जमत नाही’. खरे उत्तर असते, ‘आम्ही करू दिले नाही’. संधीच मिळाली नसेल तर तशी वेगळी नोंद करण्याची सोय डॉल यांनी ठेवली होती. म्हणून विचारणाऱ्याने आणखी एक प्रश्न विचारावा आणि आपण खरे सांगावे.

उलटही घडते. बहिणीचा रिश्ता मोडेल या भीतीने ‘सगळे करतो’ असे सांगितले जाते. मग जे प्रमाणपत्र आणि जी मदत मिळायला हवी, तीही हातची जाते.

कुरआनच्या सूरह निसामध्ये अनाथांचा माल त्यांच्या हाती देण्याआधी त्यांना पारखत राहा, समज दिसली की सोपवा, असा आदेश आहे. नुसते वय पुरेसे मानलेले नाही. पण पारखायचे तर आधी काहीतरी हाती द्यावे लागते. जिच्या हाती कधी दहा रुपये दिले नाहीत, तिची व्यवहाराची समज कशी कळणार?

आयांना वेळ नसतो, हे मी जाणतो. सकाळच्या घाईत मुलाच्या बटणांसाठी पंधरा मिनिटे कोण थांबेल? म्हणून सुरुवात शेवटच्या बटणापासून करावी. बाकीची तुम्ही लावा, शेवटचे त्याला लावू द्या. ते जमले की शेवटची दोन. अहवालाचा खरा उपयोग पुढचे बटण कोणते, हे ठरवण्यासाठी आहे.

‘आमच्यामागे याचे कसे होणार?’ हा प्रश्न प्रत्येक अम्मी-अब्बांच्या मनात असतो. त्याचे थोडेफार उत्तर आज आपण त्याला काय करू देतो, यात आहे.