शूटिंगची गाडी आणि हातातल्या पाटल्या

पिशोरहून एका भगिनीने लिहिले आहे : "आमच्या ह्यांचा छोटा टेम्पो आहे. आले-मक्याच्या हंगामात भाडी मिळतात, एरवी गाडी दारात उभी. मामेदीर मुंबईत मालिकांच्या शूटिंगला गाड्या पुरवतात. म्हणतात, मोठी गाडी घ्या, रोज काम देतो. त्यासाठी माझ्या पाटल्या मोडायच्या. 'फाळक्यांच्या बायकोनं नाही का दागिने दिले?' असं ऐकवतात. ताई, काय करू?"

बाई, सरस्वतीबाई फाळक्यांनी दागिने दिले हे खरे. पण देऊन त्या माजघरात बसल्या नव्हत्या. फिल्मला भोके पाडायला, ती धुवायला शिकल्या. साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांनीच रांधला. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' लागला, तोवर सगळा धंदा त्यांच्या डोळ्यांसमोर झाला होता. तुम्हाला गाडी कुठे फिरते तेही दिसणार नाही.

काम वाईट नाही, पण ते समजून घ्या. पहाटे कलावंतांना घरून आणायचे; कपड्यांच्या पेट्या, दिवे, जनरेटर इतरांच्या आधी पोचवायचे; आणि पॅक-अप झाल्यावर सर्वांत शेवटी निघायचे. मालिकेची पाळी बारा तासांची, तर ड्रायव्हरचे चौदा-पंधरा सहज होतात. मधे गाडी तासन्‌तास उभी असते, पण तेवढ्याने झोप होत नाही. रात्रीच्या परतीला दुसरा माणूस मिळेल का, हे आधी विचारा.

खरी गोम पैशांची. मालिकांच्या धंद्यात केल्या कामाचे पैसे ९० दिवसांनी हाती पडणे ही नेहमीची रीत. बँकेचा हप्ता मात्र महिन्याच्या महिन्याला, आणि डिझेल-टोल रोजच्या रोज. तीन महिने घरातून घालण्याइतका पैसा नसेल, तर पाटल्याही जातील आणि गाडीही बँक ओढून नेईल.

म्हणून पाटल्या तूर्त डब्यातच राहू द्या. यजमानांनी तीन महिने दुसऱ्याच्या गाडीवर पगारी काम करून पाहावे. मग ठरवा. भाडे दिवसाचे की किलोमीटरचे, बारा तासांनंतर जादा किती, डिझेल कोणाचे, हे मामेदिरांकडूनही कागदावर घ्या. नात्यात कागद मागताना जीभ अडखळते, ठाऊक आहे. तुम्हीच मागा, फार तर 'वहिनी हिशेबी आहेत' म्हणतील! रोजच्या किलोमीटरवर सेटवरच्या माणसाची सही हवीच.

हलक्या गाडीच्या परवान्यावर, भरलेल्या मालासकट ७,५०० किलोपर्यंतची भाड्याची गाडी चालवता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये सांगितले. त्याहून मोठीला वेगळा परवाना लागतो. गाडीत मेकअपची खोली करायची असेल तर आर.टी.ओ.ची मंजुरी आधी, सुतार नंतर.

आणि जाताना पोळ्यांऐवजी दुधात भिजवलेल्या दशम्या व शेंगदाण्याची चटणी बांधून द्या. दोन दिवस चांगल्या राहतात.