मात्रेचा हिशेब

२०२५ सालच्या ऑगस्ट महिन्यात डिजिटॉक्सिन या औषधाच्या एका मोठ्या चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. जर्मनी, ऑस्ट्रिया आणि सर्बिया या देशांतील, हृदयाची शक्ती बरीच क्षीण झालेल्या बाराशेहून अधिक रुग्णांचे नेहमीचे आधुनिक उपचार चालू ठेवून, त्यांच्यापैकी सुमारे निम्म्यांना हे औषध आणि उरलेल्यांना तशीच दिसणारी निर्गुण गोळी देण्यात आली. आणि काही वर्षांच्या देखरेखीनंतर असे आढळले की, मृत्यू येणे किंवा हृदयविकार बळावून रुग्णालयात दाखल व्हावे लागणे, यांपैकी एक तरी आपत्ती निर्गुण गोळी घेणाऱ्यांपैकी ४४.१ टक्के रुग्णांवर ओढवली होती, तर डिजिटॉक्सिन घेणाऱ्यांत तेच प्रमाण ३९.५ टक्के होते. ज्या औषधाचे मूळ फॉक्सग्लोव्ह नावाच्या एका रानटी झुडपात आहे, आणि ज्याची नव्या औषधांच्या गर्दीत उत्तरोत्तर पीछेहाटच होत आली होती, त्याची ही पुनःप्रतिष्ठा पाहून मला मनःपूर्वक आनंद झाला. परंतु या आनंदात एक काळजीही मिसळलेली आहे. त्या चाचणीत रुग्णांच्या रक्तातील औषधाचे प्रमाण मोजून, ते ठरावीक अल्प मर्यादेत राहील अशा बेताने मात्रा कमी-अधिक केली जात होती. मिळालेले यश औषधाचे तितकेच त्या मोजणीचे आहे. आणि आपल्याकडे औषध खेडोपाडी पोहोचते, मोजणी पोहोचत नाही.

फॉक्सग्लोव्ह ही पश्चिम युरोपातील द्विवर्षायू वनस्पती. पहिल्या वर्षी जमिनीलगत लवदार, सुरकुतलेल्या पानांचा नुसता झुबका. दुसऱ्या वर्षी त्यातून पुरुषभर उंचीचा दांडा वर येतो आणि त्याच्या एका अंगाला शिंप्याच्या अंगुस्तानासारखी जांभळी, आतून ठिपकेदार फुले ओळीने लोंबू लागतात. हे पान पोटात गेले तर माणूस दगावतो हे तिकडच्या खेडुतांना ठाऊक होते, आणि अंगात पाणी साचून सूज आली असता त्याच पानाने ती उतरते हेही कोणाकोणाला ठाऊक होते. १७७५ साली विल्यम विदरिंग या चौतीस वर्षांच्या इंग्रज वैद्याकडे, श्रॉपशर परगण्यातील एका वृद्ध बाईने पुष्कळ वर्षे गुप्त ठेवलेली सुजेवरची एक कौटुंबिक कृती अभिप्रायासाठी आली. कृतीत वीसेक वनस्पती होत्या. परंतु विदरिंग हा वनस्पतिशास्त्राचा जाणता व्यासंगी असल्यामुळे, त्यांतील कामाची वनस्पती एकटी फॉक्सग्लोव्हच असली पाहिजे हे त्याने तत्काळ ताडले. त्या बाईचे नाव त्याने लिहून ठेवले नाही. पुढे विसाव्या शतकात औषधाच्या एका जाहिरातीने तिला ‘मदर हटन’ असे काल्पनिक नाव बहाल केले आणि ते खऱ्या इतिहासाप्रमाणे पुस्तकांतून फिरत राहिले. जिच्या ज्ञानावर एवढी मोठी इमारत उभी राहिली तिचे खरे नाव दप्तरी नसावे, याची मला आजही खंत वाटते.

एखाद्या सामान्य बुद्धीच्या माणसाने एवढ्यावर समाधान मानून आपल्या नावाचा काढा बाजारात आणला असता. विदरिंगने पुढची दहा वर्षे मात्रा शोधण्यात घालवली. तो रोज एक तास गोरगरिबांना मोफत तपासत असे आणि वर्षाकाठी दोन-तीन हजार माणसे या सल्ल्यासाठी येत. त्यांच्यावर प्रथम त्याने हे औषध वापरले, आणि त्या काळात आपण फारच मोठी मात्रा देत होतो व ती नको इतके दिवस चालू ठेवत होतो, असे त्याने पुढे स्वतःच निःसंकोचपणे छापून ठेवले. मुळीचा जोर ऋतुमानाप्रमाणे बदलतो, काढा उकळला की त्याच्या गुणाचा भरवसा राहत नाही, एका हंगामातले पान दुसऱ्या हंगामातल्या पानासारखे वागत नाही, हे एकेक त्याच्या ध्यानात येत गेले. शेवटी त्याने ठरवले की, दुसऱ्या वर्षी दांडा वर येऊन फुले उमलू लागली असता त्याच सुमाराला पाने खुडावीत, देठ आणि मधली जाड शीर काढून टाकावी, उरलेला भाग उन्हात किंवा विस्तवासमोर कथलाच्या ताटात वाळवावा, आणि तो चोळून त्याची हिरवीगार पूड करावी; ही पूड मूळ पानाच्या वजनाच्या पाचव्या हिश्शाहूनही थोडी कमी भरते. तिची मात्रा मोठ्या माणसाला एक ते तीन ग्रेन, दिवसातून दोन वेळा. आजच्या मापाने एक ग्रेन म्हणजे सुमारे ६५ मिलिग्रॅम. पानाच्या खुडणीपासून तराजूपर्यंतचा हा सारा तपशील मी मुद्दाम देत आहे, कारण विदरिंगची खरी थोरवी मला येथे दिसते.

१७८५ साली त्याने आपला ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात दीडशेहून अधिक रुग्णांच्या हकिकती एकामागून एक दिलेल्या आहेत. ज्यांना गुण आला ते त्यात आहेत, ज्यांना आला नाही ते आहेत, आणि औषध देऊनही जे गेले तेही आहेत. केवळ यशस्वी दाखले निवडून काढले असते तर औषधाची आणि लेखकाची कीर्ती वाढली असती, पण ते सत्याला धरून झाले नसते, ही त्याची भूमिका होती. मात्रा जास्त झाली की मळमळ आणि वांती होते, डोळ्यांपुढे वस्तू हिरव्या-पिवळ्या दिसू लागतात, नाडी मंदावत मिनिटाला पस्तिसावर येते, आणि तरीही थांबले नाही तर मृत्यू ओढवतो, ही लक्षणे त्याने जशी पाहिली तशी नोंदवली. म्हणून त्याने नियम घालून दिला की, मूत्रपिंड, जठर, नाडी किंवा आतडी यांपैकी कोठेही औषधाचा अंमल दिसू लागताच ते बंद करावे. रक्तातील प्रमाण मोजण्याचे कोणतेही साधन हाती नसताना, रुग्णाचे शरीर हेच मोजमापाचे यंत्र मानून केलेला हा नियम आहे.

औषध नेमके काय करते हे समजायला पुढची पावणेदोनशे वर्षे जावी लागली. हृदयाच्या प्रत्येक पेशीच्या आवरणात सोडियम बाहेर टाकून पोटॅशियम आत घेणारा एक सूक्ष्म पंप असतो. तो येन्स स्कौ या डॅनिश शास्त्रज्ञाने १९५७ साली उजेडात आणला आणि त्याबद्दल त्याला १९९७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. फॉक्सग्लोव्हमधील द्रव्ये या पंपाला चिकटून त्याची गती रोखतात. पेशीत सोडियम साचते, त्यामुळे कॅल्शियम बाहेर पडणे कमी होते, आणि आतल्या वाढीव कॅल्शियमच्या बळावर स्नायू अधिक जोराने आकुंचन पावतो. शिवाय हृदयाच्या वरच्या कप्प्यांतून खालच्या कप्प्यांकडे जाणाऱ्या संदेशाला हे औषध अटकाव करते. म्हणून वरचे कप्पे बेबंद थरथरत असताना सैरावैरा धावणारी नाडी त्याने आटोक्यात येते. परंतु पंप थोडा रोखला तर उपकार आणि जास्त रोखला तर अपकार, अशी ही वस्तू आहे. शरीरात पोटॅशियम कमी पडले की औषधाचा डंख तीव्र होतो; आणि सूज उतरवण्यासाठी जी लघवीची गोळी याच रुग्णाला दिली जाते, तीच पोटॅशियम बाहेर काढते. डिजिटॉक्सिनचेच भावंड असलेले आणि आपल्याकडे गोळीच्या रूपाने दिले जाणारे डिगॉक्सिन मूत्रपिंडावाटे बाहेर पडते, म्हणून मूत्रपिंड थकलेल्या वृद्धाच्या अंगात ते साचत जाते. त्याचे रक्तातील इष्ट प्रमाण मिलिलिटरला साधारण ०.५ ते ०.९ नॅनोग्रॅम, आणि २ च्या पुढे गेले की विषबाधेचे भय. इतकी अरुंद पायवाट फार थोड्या औषधांच्या वाट्याला आलेली आहे.

१९९७ साली अमेरिकेतून प्रसिद्ध झालेल्या, ६,८०० रुग्णांच्या चाचणीचा वृत्तांत या दृष्टीने वाचण्याजोगा आहे. डिगॉक्सिनने रुग्णालयात भरती होण्याचे प्रमाण घटले, पण एकंदर मृत्यूंच्या संख्येत फरक पडला नाही, असा तिचा निर्णय होता, आणि त्यानंतर या औषधाला उतरती कळा लागली. पुढे त्याच चाचणीतील पुरुष रुग्णांचे आकडे रक्तातील प्रमाणानुसार वेगळे काढून पाहिले तेव्हा, अल्प प्रमाण असलेल्यांत मृत्यू कमी आणि १.२ च्या वर गेलेल्यांत अधिक, असा प्रकार आढळला. असे मागाहून केलेले विश्लेषण पुराव्याच्या कसोटीला पूर्णपणे उतरत नाही हे मान्य करूनही, ‘औषध चांगले की वाईट’ हा प्रश्नच येथे अपुरा आहे असे मला वाटते. किती दिले, हे सांगितल्याशिवाय त्याला उत्तर नाही.

आपल्या देशातही हा धडा एकदा गिरवला गेला होता. १९३० साली फॉक्सग्लोव्हच्या लोकरी जातीपासून शुद्ध डिगॉक्सिन वेगळे काढण्यात यश येईपर्यंत, पानाची पूड आणि तिचा अर्क यांवरच मुख्य भिस्त असे, आणि त्यांचा जोर मांजर, बेडूक, कबूतर अशा प्राण्यांवर प्रयोग करून ठरवावा लागे. आपल्याकडे बाजारात येणाऱ्या औषधांचा जोर आणि शुद्धता यांचा भरवसा नाही, या तक्रारीवरून सरकारने १९३० साली कर्नल रामनाथ चोप्रा यांच्या अध्यक्षतेखाली औषध चौकशी समिती नेमली, आणि तिच्या अहवालाची परिणती १९४० च्या औषध कायद्यात झाली.

आज शुद्ध डिगॉक्सिनची गोळी स्वस्तात मिळते. लहानपणीच्या संधिज्वराने झडपा आखडलेल्या आणि नाडी बेताल झालेल्या असंख्य रुग्णांचा ती आधार आहे. तिच्या चिठ्ठीवर आपल्याकडे बहुधा ‘आठवड्यातून पाच दिवस’ असे लिहिलेले असते. औषध अंगात साचू नये म्हणून दोन दिवसांची ही विश्रांती. माझ्या आत्याबाईंच्या उशाशी असलेल्या पाकिटावर शनिवार-रविवार असे कोणीतरी शाईने लिहून त्यावर काट मारलेली असे, आणि त्या दिवशी दवाखाना बंद असतो म्हणून गोळीही बंद, अशी त्यांची प्रामाणिक समजूत होती, कारण खरे कारण त्यांना कोणी सांगितलेच नव्हते. एका उन्हाळ्यात त्यांची अन्नावरची वासना उडाली, मळमळू लागले. पित्त झाले असेल असे समजून घरच्यांनी त्यांना कोकमाचे सरबत दिले आणि गोळ्या नियमितपणे चालू ठेवल्या. नाडी चाळिशीला आल्यावर कोणाच्या तरी लक्षात आले. पाच दिवसांचा तो नियम सद्‌हेतूनेच रुजलेला आहे. परंतु चाळीस किलो वजनाच्या, मूत्रपिंड थकलेल्या वृद्धेला पाच दिवसही जास्त होऊ शकतात, आणि सरसकट नियमाने तिच्या रक्ताची मोजणी अनावश्यक ठरत नाही.

‘झाडपाल्याचे औषध, त्याने अपाय कसला’ हे वाक्य आपण उठता-बसता ऐकतो. ज्या जातीची द्रव्ये फॉक्सग्लोव्हमध्ये आहेत त्याच जातीची आपल्या परसातल्या कण्हेरीत आहेत, कुंपणावरच्या पिवळ्या बिट्टीत आहेत, मारुतीला वाहायच्या रुईच्या चिकातही आहेत. आपल्या पूर्वाचार्यांना याची जाण होती. तीक्ष्ण विषही युक्तीने योजले तर उत्तम औषध होते आणि औषधही अयुक्त रीतीने दिले तर विष होते, हे चरकसंहितेच्या सूत्रस्थानातच सांगितले आहे. सुश्रुताने कण्हेरीची गणना मूलविषांत केली आहे. आपला कायदाही तसाच सावध आहे: औषध नियमावलीच्या ई-१ परिशिष्टात करवीर म्हणजे कण्हेर आणि अर्क म्हणजे रुई यांची नावे आहेत, आणि ती असलेले पोटात घेण्याचे औषध वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावे, अशी ताकीद वेष्टनावर छापणे बंधनकारक आहे. असे असता, कण्हेरीच्या मुळीचा किंवा रुईच्या पानाचा घरगुती उतारा मात्रेचा उच्चारही न करता एकमेकांना सांगणे, हा ज्या परंपरेचे नाव आपण अभिमानाने घेतो तिचाच अनादर होय.

आपल्याकडील वनौषधींच्या ज्ञानाबद्दल मला नितांत आदर आहे, आणि म्हणूनच त्याला त्याचा विदरिंग मिळावा असे तळमळीने वाटते. वैदूंपाशी, आदिवासी पाड्यांवरच्या वृद्ध स्त्रियांपाशी जे आहे ते त्यांच्या नावानिशी लिहून घेतले जावे. आयुर्वेद महाविद्यालयांच्या रुग्णालयांनी, पान कोणत्या महिन्यात खुडले, किती वाळवले, वजनी किती दिले, कोणाला गुण आला, कोणाला आला नाही आणि कोणाला अपाय झाला, याच्या नोंदी ठेवून त्या प्रसिद्ध कराव्यात.

डिगॉक्सिनच्या बाबतीत तर एवढी वाट पाहण्याचेही कारण नाही. मूत्रपिंडाची आणि पोटॅशियमची तपासणी तालुक्याच्या रुग्णालयात व्हावी, रक्तातील डिगॉक्सिनचे प्रमाण मोजण्याची सोय निदान प्रत्येक जिल्हा रुग्णालयात असावी, आणि त्यासाठी सरकारने अंदाजपत्रकात स्वतंत्र तजवीज करावी. ती होईपर्यंत, ही गोळी लिहून देणाऱ्या प्रत्येक डॉक्टरने चिठ्ठीच्या पाठीमागे मराठीत चार ओळी लिहाव्यात, आणि परिचारिकेने त्या घरच्या माणसाला वाचून दाखवून मनगटावरची नाडी मोजायला शिकवावे: नाडी साठाच्या खाली आली, भूक मेली, मळमळू लागले, डोळ्यांपुढे पिवळे दिसू लागले, किंवा उलट्या-जुलाबांनी अंगातले पाणी गेले, तर पुढची गोळी घेण्याआधी आम्हांला गाठा.