डिस्चार्ज बुक न मागणारा तंबू

आमच्या नोएडातल्या सोसायटीच्या गेटवर फौजेतून निवृत्त झालेले हवालदार आहेत. नोकरीला ठेवताना एजन्सीने त्यांचं डिस्चार्ज बुक उघडून 'कॅरेक्टर'चा रकाना आधी वाचला. तिथे 'एक्झेम्प्लरी' होतं, काम झालं. ज्याच्या कागदावर 'डिसमिस्ड' आहे, त्याने कुठे जायचं?

सिनेमावाल्यांकडे उत्तर तयार असतं: सर्कशीत. बडतर्फ जवान मौत का कुआँमध्ये मोटारसायकल फिरवतो, टाळ्या पडतात, डाग धुऊन निघतो. मला हे कधीच पटलं नाही. जत्रेतल्या त्या कुव्याच्या काठावर एकदा उभे राहा. सायलेन्सर काढलेली गाडी उभ्या फळ्यांवर चढली की पायाखालचा माचा थरथरतो. वेग आहे तोवरच चाक भिंतीला धरून राहतं. स्वार हँडल सोडून वर येतो आणि तुमच्या बोटांतली दहाची नोट उपटून नेतो. याला पुनर्वसन म्हणायचं?

फौजेतून सर्कशीत गेलेला खरा माणूस म्हणजे जेमिनी शंकरन. दुसऱ्या महायुद्धात लष्कराच्या वायरलेस विभागात होते, मग झुल्यावरचे कसरतपटू झाले. १९५१ मध्ये डबघाईला आलेली विजया सर्कस त्यांनी विकत घेतली. तीच पुढे 'जेमिनी'. २०२३ मध्ये ९८व्या वर्षी गेले. पण ते फौजेतून मानाने बाहेर पडले होते, आणि तेव्हा तंबू भरत होते. वाघ-सिंहांवर १९९८ मध्ये बंदी आली, मुलांना कामाला ठेवण्यावर २०११ मध्ये. आता तंबूचंच पोट भरेना, तो दुसऱ्याला काय पोसणार!

बडतर्फ जवानाच्या बाबतीत खरी गोम पेन्शनमध्ये आहे. जवानाला पंधरा वर्षांच्या सेवेनंतर पेन्शन लागते. सतराव्या वर्षी कोर्ट मार्शलने बडतर्फ झाला, तर सतराही वर्षं पाण्यात. 'माजी सैनिक' म्हणून मिळणारं आरक्षणही नाही. गुन्ह्याची शिक्षा व्हावी, त्याबद्दल वाद नाही. पण तुरुंग भोगून आलेल्याच्या बायकोनेही ती जन्मभर भोगायची, हे मला अन्यायाचं वाटतं.

पेन्शन नियमांत एक फट मात्र ठेवलेली आहे: अपवादात्मक प्रकरणी सक्षम अधिकाऱ्याच्या अधिकारात बडतर्फ जवानालाही पेन्शन मिळू शकते. तुमच्या गावात, नात्यात असा कोणी असेल तर त्याला रेकॉर्ड ऑफिसला अर्ज टाकायला सांगा. लिहायला बसत नसेल तर तुम्ही लिहून द्या.