भूक म्हणजे चारित्र्य नव्हे


राळेगणसिद्धीच्या अण्णा हजारेंना बारा दिवस उपाशी राहता येते, मग लठ्ठ माणसाला जिभेवर ताबा का ठेवता येऊ नये, असे आपल्या एका वाचकाने विचारले आहे. ही तुलना अन्यायकारक आहे. १६ ऑगस्ट २०११ रोजी सुरू झालेले ते उपोषण २८ ऑगस्टला नारळपाणी आणि मध घेऊन सुटले. वजन उतरवणाऱ्याच्या भुकेला अशी सुटण्याची तारीख नसते. मेंदूच्या तळाशी असलेला, जेमतेम बदामाएवढा हायपोथॅलॅमस चरबीतून येणाऱ्या लेप्टिन या संप्रेरकावरून शरीरातला साठा जोखतो. चरबी घटली की लेप्टिन उतरते, भूक चाळवते आणि डोपामिन या मेंदूतल्या रसायनाच्या वाटेने अन्नाची ओढही वाढते. तव्यावर फुगणारी बाजरीची भाकरी तीच असते, पण तिचा वास आता जास्त खेचतो.

मग निर्धाराला अर्थच नाही का? आहे, अण्णांचे उपोषण त्याचीच साक्ष देते. पण प्रत्येकाला सारख्याच भुकेशी झुंजावे लागत नाही. १९९७ साली केंब्रिजच्या संशोधकांनी आठ वर्षांची, ८६ किलोची एक मुलगी नोंदवली. तिच्या शरीरात लेप्टिन जवळजवळ नव्हतेच. पुढे अशा मुलांना लेप्टिनची इंजेक्शने दिल्यावर त्यांची भूक आणि वजन दोन्ही उतरले. कोणी त्यांना संयम शिकवला नव्हता. असा दोष फार दुर्मीळ आहे, हे मान्य. तरीही भूक रसायनांवर चालते, हे त्यातून सिद्ध होते. म्हणून शिक्षकांना आणि पालकांना विनंती, जाड मुलाला चारचौघांत ‘खादाड’ म्हणू नका.

– एक वाचक, पारनेर, जि. अहिल्यानगर