लगाम कोणाच्या हाती?

१९८४ साली विल्यम गिब्सन यांची ‘न्यूरोमॅन्सर’ ही इंग्रजी कादंबरी प्रसिद्ध झाली. संगणक तेव्हा घरोघरी पोहोचलेला नव्हता. खुद्द गिब्सन यांनी ही कादंबरी साध्या टंकयंत्रावर लिहिली. पण तिच्यातील एका यंत्राने पुढील चार दशकांच्या विज्ञानकथांना वळण दिले. कपाळावर विद्युत्-अग्रे लावायची, यंत्र सुरू करायचे, की माणसाचे मन थेट संगणकांच्या जाळ्यात शिरते. १९९९ च्या ‘द मॅट्रिक्स’ चित्रपटात मानेमागे खुपसली जाणारी तार ही याच कुळातली.

या यंत्राचीच चर्चा फार झाली. ते वापरणाऱ्या नायकाची मात्र त्या मानाने कमी. केस नावाचा हा चोवीस वर्षांचा तरुण धन्याची चोरी करतो. शिक्षा म्हणून त्याच्या मज्जासंस्थेत विष भिनवून तिला अशी इजा केली जाते, की यंत्राशी मन जोडणे त्याला अशक्य व्हावे. पुढे दुसरा धनी भेटतो. तो शस्त्रक्रियेचा खर्च करून त्याला बरे करतो. पण त्याच वेळी त्याच्या रक्तवाहिन्यांत हळूहळू विरघळणाऱ्या विषाच्या पिशव्या बसवतो. काम पुरे केले तरच त्या काढल्या जाणार! उपचार केस याने स्वखुशीने घेतले होते. त्याच्यावर कोणी बळजबरी केली नाही. त्याच्या गरजेनेच त्याला बांधले.

आज ही कल्पना निव्वळ कल्पना राहिलेली नाही. २००४ साली अमेरिकेत हातपाय लुळे पडलेल्या एका तरुणाच्या मेंदूत ‘ब्रेनगेट’ हे छोटे उपकरण बसवण्यात आले आणि केवळ विचाराच्या बळावर त्याने संगणकाच्या पडद्यावरील बाण हलवला. जानेवारी २०२४ मध्ये ‘न्यूरालिंक’ कंपनीने आपले उपकरण प्रथमच एका माणसाच्या मेंदूत बसवले. या रुग्णांना जे परत मिळाले त्याचे मोल धडधाकट माणसाला कळणे कठीण. अशा संशोधनाकडे नाक मुरडणे हा करंटेपणा ठरेल.

परंतु तारेला दोन टोके असतात. एक रुग्णाच्या मेंदूत. दुसरे कोणाच्या हाती? न्यूरालिंकच्या त्या पहिल्या रुग्णाच्या मेंदूतील काही तंतू कालांतराने जागेवरून सरकले आणि उपकरणाची क्षमता घटली. कंपनीने आज्ञावलीत बदल करून ती सावरली. येथे कंपनी पाठीशी होती. नसती तर? याचे उत्तर दृष्टिहीनांच्या अनुभवात आहे. अमेरिकेतील ‘सेकंड साइट’ कंपनीने जगभरातील सुमारे ३५० जणांच्या डोळ्यांत कृत्रिम दृष्टी देणारे उपकरण बसवले होते. २०१९ मध्ये कंपनीने त्याचे उत्पादन थांबवले, पुढे ती आर्थिक डबघाईला आली आणि या रुग्णांना दुरुस्तीसाठी कोणी वाली उरला नाही. उपकरण शरीरात, पण त्याचे भवितव्य कंपनीच्या ताळेबंदात!

हा प्रश्न आपल्या उंबरठ्यावर एकदा येऊन गेला आहे. २००८ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने एका खून खटल्यात आरोपीला दोषी ठरवताना मेंदूतील विद्युत्-लहरींच्या चाचणीचाही आधार घेतला होता. त्यानंतर २०१० मध्ये ‘सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्ध निर्वाळा दिला, की संमतीवाचून कोणाचीही अशी चाचणी घेता येणार नाही. मनाच्या दाराशी शासनाने थांबलेच पाहिजे, हे त्या निकालाचे सार. निकाल थोर आहे. पण त्याने अडवली ती बळजबरी. कादंबरीतल्या केसप्रमाणे नडलेला माणूस स्वतःच सही करून दार उघडतो, तेव्हा त्याचे रक्षण कोण करणार?

चिली या देशाने २०२१ मध्ये मेंदूच्या क्रियांना आणि त्यांतून मिळणाऱ्या माहितीला थेट राज्यघटनेचे संरक्षण दिले. २०२३ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने एका माजी सिनेटरच्या मेंदूविषयी गोळा केलेली माहिती पुसून टाकण्याचा आदेश एका अमेरिकी कंपनीला दिला. आपल्याकडे २०२३ च्या वैयक्तिक विदा संरक्षण कायद्यात मेंदूतून मिळणाऱ्या माहितीसाठी वेगळी तरतूद नाही. ती व्हायला हवी. मेंदूतील माहितीची मालकी रुग्णाचीच राहील, कंपनी बुडाली तरी देखभालीची हमी असेल आणि उपकरण काढून घेण्याचा हक्क विनाअट मिळेल, एवढ्या तीन गोष्टी तरी कायद्यात स्पष्ट लिहिल्या पाहिजेत.

कठोपनिषदाने शरीराला रथ, मनाला लगाम आणि बुद्धीला सारथी म्हटले आहे. रथ मोडला तर तो यंत्राने अवश्य जोडावा. त्यात कमीपणा नाही. लगाम मात्र सारथ्याच्याच हाती हवा. तो एकदा दुसऱ्याच्या मुठीत गेला, तर रथ कितीही वेगाने धावला तरी तो आपल्या मुक्कामाला पोहोचणार नाही.